फक्त वरचं पिवळं

मुलगी पाच वर्षांची होणार होती आणि तिला दुकानातला गुलाबी फुलांचा केक नको होता. "आईनं केलेला पायजे," एवढंच तिचं म्हणणं होतं. मी तोवर आयुष्यात एकही केक केला नव्हता. कसबा बावड्यातल्या आमच्या दोन खोल्यांच्या घरात ओव्हन असण्याचा प्रश्नच नव्हता. पण वर्तमानपत्राच्या रविवारच्या पुरवणीतून कापून ठेवलेली एक कृती माझ्याकडे होती आणि तीत कुकरमध्ये वाळू घालून केक कसा भाजायचा ते दिलं होतं. बाकी सगळं सोपं वाटलं. एकाच ओळीशी मी अडखळले: दोन लिंबांची साल किसून घालावी.

साल? लिंबाची साल आम्ही लोणच्यात फोडीसकट खायचो किंवा पितळेची भांडी घासायला वापरायचो. किसून कशात घातलेली मी पाहिली नव्हती.

घरात आम्ही चौघं होतो. मी, माझे मिस्टर, मुलगी आणि माझ्या सासूबाई. सासूबाईंना मी आत्या म्हणायचे. आत्या शाळेची पायरी चढल्या नव्हत्या. दुसऱ्यांच्या उसात तणाची भांगलण करून त्यांनी मुलगा शिकवला होता. मी बी.एस्सी. झालेली, जवळच्याच शाळेत शिक्षिका. आमच्या दोघींत भांडणं फारशी व्हायची नाहीत, पण प्रश्न फार व्हायचे, आणि ते सगळे त्यांचे असायचे. रेडिओचा आवाज तारेतून येत नाही तर कुठनं येतो, गूळ उन्हाळ्यात घट्ट आणि पावसाळ्यात पातळ का, डॉक्टर जीभ का बघतो. मी सांगितलेलं उत्तर पटलं नाही की त्या तोंडावर म्हणायच्या, "तुला नक्की म्हाईत न्हाय."

वाढदिवसाच्या आठवडाभर आधी मी केकची तालीम केली. घरची खिसणी घेतली, त्यावर दोन लिंबं खसाखसा ओढली. आपली लिंबं पातळ सालीची. दोन ओढीत पिवळं संपलं, चौथ्या ओढीला आतला रस बाहेर आला आणि सहाव्या ओढीला माझ्या बोटाचं सालपट निघालं. जे काय वाटीत जमलं ते मी पिठात ओतलं.

केक फुगला, रंगही छान आला. मिस्टरांनी एक घास खाल्ला आणि तांब्याकडे हात नेला. मुलीनं विचारलं, "आई, ह्यात औषध घातलंयस?"

आत्यांनी मात्र पूर्ण तुकडा खाल्ला. सावकाश, डोळे मिटून.

"वास चांगला हाय," त्या म्हणाल्या. "चव कडू हाय. म्हंजी ह्यात दोन येगळ्या वस्तू हायत."

त्यांनी फळीवरचं एक लिंबू उचललं, नखानं त्याचं नुसतं वरचं पिवळं खरवडलं आणि जिभेवर ठेवलं. मग त्याच जागी खोल नख घालून आतलं पांढरं काढलं, तेही चाखलं. तोंड वाकडं केलं.

"पांढरं कडू. पिवळं झोंबतंय, पण कडू न्हाय. तू दोन्ही घातलंस."

कृतीचा कागद मी पुन्हा काढून बघितला. कात्रीनं कापताना शेवटची ओळ अर्धी कापली गेली होती. "फक्त वरचा पि" एवढंच उरलं होतं.

पिवळं तेवढंच कसं काढायचं हे विचारायला आम्ही दोघी उचगावला गेलो. तिथं एक बेकरी होती. दिवाळीला रवा, मैदा, तूप, साखर घेऊन आम्ही नानकटाई भाजून आणायला तिथंच जायचो. बेकरीवाले चाचा साठीचे असतील. तरुणपणी त्यांनी कोल्हापुरातल्या एका जुन्या बेकरीत काम केलं होतं आणि तिथं नाताळाच्या दिवसांत ख्रिस्ती घरांचे केक भाजले जायचे, त्यामुळं त्यांना ठाऊक असेल असा आत्यांचा अंदाज.

चाचांनी आमची हकिकत ऐकली आणि हसले. "कागदी लिंबू घेतलं व्हय? नावातच कागद हाय की. त्याला साल कुठली ऱ्हाती खिसायला? मोसंबी घ्या, टणक बघून. संत्रंबी नको, त्याची साल सैल. खिसणीवर धरलं की हलती."

"आणि खिसणी?" मी विचारलं.

त्यांनी खुंटीवरून एक वस्तू काढली. तेलाच्या डब्याचा पत्रा, त्याला बारीक खिळ्यानं दाटीवाटीनं पाडलेली भोकं, मागं लाकडाची पट्टी. मोसंबी धुतली, फडक्यानं अगदी कोरडी केली आणि पत्र्यावर अलगद टेकवली. ओढली नाही, नुसती टेकवून जराशी सरकवली. लगेच फिरवली. पुन्हा सरकवली.

"एकदा जिथनं गेलं तिथं परत जायाचं न्हाय," ते म्हणाले. "पांढरं दिसलं की फिरवायचं. आणि पयलं खिसायचं, मग चिरायचं. चिरलेलं फळ खिसता येत न्हाय, हातात दबतंय."

फळाच्या अंगावर गालिच्यासारखा एक फिकट पट्टा उमटत गेला. पत्र्याच्या खाली हिरवट पिवळा ओलसर भुगा साठला, चिमटीभरच. तो त्यांनी परातीतल्या साखरेत टाकला आणि आत्यांच्या पुढ्यात सरकवला. "चोळा."

आत्यांनी दोन्ही हातांनी साखर चोळली. सुरुवातीला काही झालं नाही. मग साखर हळूहळू पिवळी व्हायला लागली, दाणे एकमेकांना चिकटायला लागले. भट्टीचा धूर, मैद्याचा वास, सगळं मागं पडलं आणि तिथं फक्त मोसंबी उरली. मी इतक्या मोसंब्या खाल्ल्या होत्या, पण हा वास त्यांतल्या एकीतही मला आला नव्हता.

आत्यांनी हात थांबवला. "पाणी न्हाय घातलं. मग साखर वली कशी झाली?"

"तेल," चाचा म्हणाले.

"मोसंबीत तेल?"

"रसात न्हाय. सालीत."

आत्यांच्या चेहऱ्यावर तो भाव आला जो मी ओळखायचे. त्यांना पटलं नव्हतं. चाचांनाही ते कळलं असावं. त्यांनी दुसऱ्या मोसंबीची साल सुरीनं काढली, भट्टीच्या तोंडाशी नेली आणि चिमटीत घडी घालून दाबली. सालीतून बारीक फवारा उडाला आणि जाळात तडतडत ठिणग्या झाल्या.

"पुन्यांदा," आत्या म्हणाल्या.

चाचांनी पुन्हा केलं. मग आत्यांनी स्वतः केलं. तीनदा केलं. मागं पाव न्यायला आलेली माणसं खोळंबली होती, तरी त्यांना घाई करायचं धाडस कुणाला झालं नाही.

येताना चाचांनी तो खिळ्यांचा पत्रा आम्हाला देऊन टाकला. "मी दुसरा करतो," म्हणाले.

वाढदिवसाच्या दिवशी मी मोसंबीचाच केक केला. कुकरमधून तो जसा निघाला तसा घरभर वास सुटला. मिस्टरांनी खोलीत सुतळी बांधून वीसेक फुगे लावले होते. गल्लीतली मुलं आणि त्यांच्या आया आल्या. केक कापायच्या जरा आधी मला वाटलं, वरून थोडी ताजी साल खिसून घालावी. स्वयंपाकघरात जाऊन मी दोन मोसंब्या खिसल्या, हातानंच तो भुगा केकवर पसरला, हात पदराला पुसले आणि बाहेर आले. फुग्यांची सुतळी एका बाजूनं सैल झाली होती. मी ती वर ओढली, त्या बाजूचे फुगे एकेक करून नीट लावले.

आमच्याकडं कुठलंही कार्य असलं तरी आधी त्रिशरण-पंचशील होतं. सगळे हात जोडून उभे राहिले. आत्यांनी सुरुवात केली आणि पहिलाच 'बुद्धं सरणं' संपतोय तोवर फाट् करून एक फुगा फुटला. मुलं खुदखुदली. दुसरी ओळ, दुसरा फुगा. मग लागोपाठ दोन. पंचशील संपेपर्यंत सुतळीच्या त्या बाजूचे सात फुगे फुटले होते आणि माझी मुलगी माझ्या साडीत तोंड खुपसून रडत होती. फुग्यांजवळ कुणीच नव्हतं. पंखा बंद होता.

शेजारच्या काकू हळूच म्हणाल्या, "पोरीला नजर लागलीया, आत्याबाई. मीठ-मिरच्या ववाळून टाका. सात म्हंजी काय कमी न्हवं."

आत्या म्हणाल्या, "नजर आसती तर पयली केकला लागली आसती. काप गं पोरी."

सगळे हसले, मुलगीही डोळे पुसून हसली. केक संपला. चवीला तो खरंच फार चांगला झाला होता, चार जणींनी कृती लिहून घेतली. पण आत्यांचं लक्ष केकात नव्हतं. सगळे गेल्यावर फुटलेल्या फुग्यांची चिरगुटं त्यांनी गोळा केली आणि उजेडात धरून बघत बसल्या.

"स्वस्तातले फुगे असतील," मी म्हटलं. "किंवा ट्यूबलाइटची उष्णता."

"मग त्याच कडंचे कसे फुटले? टूब तर मधी हाय."

मी वर बघितलं. ट्यूब खरंच मधोमध होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी शाळेतून आले तर परसात कपड्यांच्या दोरीवर सहा फुगे बांधलेले. आत्या खाली पाटावर बसल्या होत्या, पुढ्यात वाट्या मांडलेल्या. एकीत पाणी, एकीत तूप, एकीत मोसंबीचा रस, एकीत साखर आणि शेवटच्या वाटीत खिसलेली साल.

"बस," त्या म्हणाल्या. "मी काल तुझं सगळं डोळ्यापुढं आणलं. तू सैपाकघरातनं आलीस, हात पुसलंस आणि फुग्याला हात लावलास. जेवढ्याला लावलास तेवढंच फुटलं. म्हंजी जे काय हाय ते तुझ्या हातात हुतं."

मग त्यांनी एकेक करून दाखवलं. कोरडा हात एका फुग्याला. काही नाही. पाण्याचा हात. काही नाही. तूप, रस, साखर, प्रत्येक वेळी बोट धुऊन, पुसून. आम्ही थांबत होतो, फुगे दोरीवर डोलत होते. शेवटी त्यांनी सालीचा भुगा चिमटीत घेऊन चुरडला आणि ती बोटं सहाव्या फुग्यावर फिरवली. मी मनात आकडे मोजायला लागले. सहा म्हणायच्या आत फुगा फुटला.

"हे मी सकाळी एकदा केलतं," आत्या म्हणाल्या. "पर एकच फुगा खराब आसंल म्हणून तू येईस्तोवर थांबलो. दुसऱ्यांदाबी तसंच झालं."

विज्ञान शिकवताना मी फळ्यावर 'निरीक्षण, प्रयोग, निष्कर्ष' असं लिहून मुलांकडून पाठ करून घ्यायचे. एका वेळी एकच गोष्ट बदलायची, पुन्हा करून बघायचं, हे मला पुस्तकातून कळलं होतं आणि घरी मी ट्यूबलाइटवर खापर फोडून मोकळी झाले होते.

"आत्या, हे तुम्हाला कुणी शिकवलं?"

"शिकवायचं काय त्यात? डाळीत खडा लागला तर कुठल्या डब्यातनं आला ते बघतोच की आपण. एकेक डबा उघडून."

त्यांनी काकूंना हाक मारली. काकूंपुढं पुन्हा एक फुगा फोडला, मग काकूंनाच साल देऊन त्यांच्या हातून एक फोडवला. काकू दचकून मागं सरल्या आणि मग त्यांना हसू आवरेना. घरी जाताना चार साली घेऊन गेल्या.

आत्या मात्र हसल्या नाहीत. वाट्या धुता धुता त्या बोलायला लागल्या. त्या सातएक वर्षांच्या असताना त्यांच्या वडिलांनी धम्म घेतला आणि घरातले देव टोपलीत घालून पंचगंगेत सोडले. त्याच पावसाळ्यात त्यांचा धाकटा भाऊ तापानं गेला. चार दिवसांत. आळीतली माणसं म्हणाली, देव सोडल्यामुळंच गेला.

"बाप म्हणायचा, तसं नसतंय. पर मग कसं असतंय, ते त्यालाबी सांगता येत न्हवतं. मला तर काहीच न्हाय. मी नुसती ऐकत बसलो." त्यांनी वाटी पालथी घातली. "काल शेजारीण सात फुगं म्हणाली तवा मला आळीतली तीच माणसं आठवली. म्हटलं, आता तरी कशानं झालं ते बघायचं."

त्या घरात मी सात वर्षं नांदत होते आणि हा भाऊ मला माहीत नव्हता. मी त्यांच्या शेजारी बसून उरलेल्या वाट्या विसळल्या.

आता पुढचा प्रश्न उरला होता: पण का? माझ्या कॉलेजातल्या रसायनशास्त्राच्या सरांना मी जाऊन विचारलं. त्यांनी सांगितलं की सालीतलं तेल रबराला विरघळवतं, ताणलेल्या फुग्याला तेवढं पुरतं. मी घरी येऊन ते जसंच्या तसं सांगितलं.

आत्यांनी ऐकून घेतलं. "रबर इरघळतंय. मग पोटात काय करत आसंल?"

मी पुन्हा सरांकडे गेले. सर म्हणाले, पोट काही रबराचं नसतं, आणि आपण खातो ते चिमूटभर.

"हं," आत्या म्हणाल्या. "म्हंजी त्यांनाबी नक्की म्हाईत न्हाय."

त्यानंतरच्या वर्षी मी त्यांना माझ्या चौथीच्या वर्गात नेलं. त्या आधी तयार नव्हत्या. "मी साळंत काय करू? मला बसायचं कुठं तेबी कळायचं न्हाय." पण गेल्यावर त्यांनी पदर खोचला आणि पोरांना दोन रांगांत उभं केलं. खिळ्यांचा पत्रा, मोसंब्या, फुगे, मेणबत्ती. आधी मुलांकडून साल खिसून घेतली. जो कुणी पांढऱ्यापर्यंत जाईल त्याला तो भुगा खायला लावला. पोरं थू थू करत होती आणि पुन्हा रांगेत येत होती. मग फुगे, मग मेणबत्तीवरच्या ठिणग्या.

एका मुलीनं विचारलं, "आज्जी, ईडलिंबूनं फुटतोय का?"

"म्हाईत न्हाय," आत्या म्हणाल्या. वर्गापुढं उभं राहून 'माहीत नाही' म्हणणारं माणूस त्या मुलांनी पहिल्यांदाच बघितलं असावं, कारण सगळी मान वर करून त्यांच्याकडं बघायला लागली. "तू आणतीस काय? करून बघू की."

ती मुलगी गडमुडशिंगीहून मामाकडं राहायला आलेली. तिच्या घरच्या विहिरीवर ईडलिंबाचं झाड होतं. सोमवारी ती दप्तरात दोन फळं घेऊन आली. नारळाएवढी नाहीत, पण ओंजळीत एकच मावावं अशी. खडबडीत, जाड सालीची, गाठी गाठी असलेली. सालीच्या उंचवट्यांमुळं खिसायला अवघड, पण एका फळाचा भुगा वाटीभर निघाला आणि त्याचा वास मोसंबीपेक्षाही उभा, नाकात चढणारा. फुगा तर बोट लागताच गेला. उरलेल्या फळाची साल आम्ही साखरेत चोळून ठेवली आणि त्या महिन्यात केलेला केक मी आजवर केलेल्यांपैकी सर्वांत चांगला. वर्गातल्या प्रत्येकाला त्याचा सुपारीएवढा तुकडा मिळाला.

पुढं आत्यांचं हे वेडच झालं. पपनस मिळालं की पपनस, बाजारात नवं काही दिसलं की ते. दोन हजार सालानंतर स्टीलच्या भांड्यांवर न निघणारे कागदी स्टिकर यायला लागले. सालीचं तेल त्यांवर चोळलं तर चिकटा सुटतो हे त्यांनीच शोधलं, आणि गल्लीतल्या बायका नवी भांडी घेऊन आमच्या दारात यायला लागल्या. कुणीतरी संत्र्याच्या इसेन्सची बाटली आणून दिली, तर आत्यांनी आधी तिचा थेंब फुग्यावर टाकला. फुगा तसाच राहिला. बाटलीवरचं चित्र त्यांनी लांबून, जवळून न्याहाळलं आणि बाटली परत केली. "हे साल न्हवं. दुसरंच काय तरी हाय."

त्या सुमारास तालुक्याच्या विज्ञान प्रदर्शनात माझ्या वर्गातल्या मुलांनी फळांच्या सालींवर एक टेबल मांडलं. आत्या सोबत आल्या होत्या. जुलैतला शनिवार, बाहेर पाऊस. मुलं समजावून सांगत होती आणि आत्या मागं खुर्चीवर बसून पपनसाची साल खिसत होत्या. नोंदणीच्या टेबलावरचे गृहस्थ फॉर्म घेऊन आले. त्यांना मार्गदर्शकाच्या रकान्यात माहिती हवी होती. मी आत्यांकडं बोट दाखवलं.

"आजी, शिक्षण काय?" त्यांनी विचारलं.

आत्यांनी फळ फिरवलं, पांढरं दिसतंय का ते बघितलं. "चालू हाय," म्हणाल्या.

गृहस्थ हसले, मग माझ्याकडं बघितलं. मी म्हटलं, तेच लिहा. त्यांनी लिहिलं की नाही ते मी बघितलं नाही. मुलांना बक्षीस मिळालं नाही. पहिला नंबर पवनचक्कीला गेला, आणि पवनचक्की खरंच चांगली होती. आत्यांनी ती करणाऱ्या मुलांना गाठून पातं उलटं लावलं तर काय होतं ते विचारलं आणि त्यांच्याकडून ते लावून घेतलं.

परतीची बस भरलेली होती. आम्हाला खिडकीजवळची जागा मिळाली. सगळ्यांचे कपडे ओले, सगळ्या खिडक्या बंद, काच पांढुरकी झालेली. बाहेरचं काही दिसत नव्हतं. आत्यांच्या मांडीवर पिशवीत उरलेली पपनसं होती. त्या काचेकडं बघत होत्या.

"हे पाणी भायरनं आलंय का आतनं?" त्यांनी विचारलं.

"आतनं," मी म्हटलं. "आपल्या श्वासाचं."

त्यांनी माझ्याकडं बघितलं. मग बोट काचेवर आतल्या बाजूनं टेकवलं, खाली ओढलं आणि ओलं झालेलं बोट निरखून बघितलं.